काळजीपोटी पाठवलेली क्लिप

मंडळी, रक्ताचे, मारहाणीचे, अंगावर काटा आणणारे व्हिडिओ पसरवतं कोण, असं विचारलं की आपण कुणातरी विकृत माणसाकडे बोट दाखवतो. तो असतोही. पण आपल्या बेळगाव जिल्ह्यात, निपाणी, खानापूर, येळ्ळूरच्या घरांत ती क्लिप येते आत्तीकडून, भिशीच्या ग्रुपवरून, गल्लीतल्या मंडळाकडून. खाली लिहिलेलं असतं, ‘पोरांना सांभाळा.’ आज मला बोलायचंय ते या काळजीबद्दलच.

२०१८ साली मुलं पळवणाऱ्या टोळीची अफवा देशभर होती. तेव्हाची एक क्लिप तुमच्यापैकी अनेकांनी पाहिली असेल. मोटारसायकलवरून दोघं येतात आणि गल्लीत खेळणारं पोर उचलून पसार होतात. मूळ व्हिडिओ कराचीतल्या एका संस्थेची जनजागृतीची जाहिरात. त्यात पुढं तेच दोघं परत येतात, मूल सोडतात आणि फलक धरतात, की मुलांवर लक्ष ठेवा. कुणीतरी नेमका तेवढाच भाग कापला.

त्याच अफवेच्या दिवसांत, १ जुलैला, धुळे जिल्ह्यातल्या राईनपाड्यात भिक्षेकरी डवरी गोसावी समाजाच्या पाच जणांना जमावानं ठार मारलं. मग १३ जुलैला आपल्याच कर्नाटकात, बिदर जिल्ह्यात, हैदराबादहून आलेल्या मित्रांपैकी एकानं शाळकरी पोरांना चॉकलेट दिलं. एवढंच. लोक अंगावर आले तसे ते गाडीतून निघाले, पण मेसेज त्यांच्या आधी मुर्कीला पोचला होता. तिथं रस्ता अडवला गेला. जमावाच्या मारहाणीत एक तरुण इंजिनिअर जिवानिशी गेला. इकडं मराठी, तिकडं कन्नड, भीती एकच.

त्यानंतर व्हॉट्सअॅपनं भारतात फॉरवर्डला एका वेळी पाच चॅटची मर्यादा घातली. आपल्याकडं एकेका ग्रुपात अख्खी गल्ली असते, त्यामुळं पाचही पुष्कळ झाले म्हणा!

कंपन्या अडवू शकत नाहीत का? १५ मार्च २०१९ ला न्यूझीलंडमधल्या क्राइस्टचर्चच्या मशिदींवरचा हल्ला हल्लेखोरानं फेसबुकवर थेट दाखवला. थेट पाहणारे दोनशेही नव्हते. पण पहिल्या २४ तासांत फेसबुकला १५ लाख प्रती हटवाव्या लागल्या. त्यातल्या १२ लाखांहून अधिक अपलोड होतानाच अडल्या. यंत्र ओळखीची फाइल पकडतं. लोकांनी ती कापली, दुसऱ्या पडद्यावरून पुन्हा चित्रित केली, आणि आठशेहून अधिक वेगवेगळी रूपं तयार झाली.

नुसतं बघणाऱ्याचं काय होतं? २०१३ च्या बोस्टन मॅरेथॉन स्फोटांनंतर अमेरिकेत अभ्यास झाला. पुढच्या आठवड्यात रोज सहा तास किंवा जास्त बातम्या पाहणाऱ्यांमध्ये, प्रत्यक्ष तिथं असलेल्यांपेक्षा तीव्र ताणाची लक्षणं जास्त आढळली. मोठ्यांचं हे, मग आजोबांचा मोबाइल हाताळणाऱ्या नातवाचा विचार करा.

आपल्या सीमाभागात आणखी एक भानगड आहे. डिसेंबर २०२२ मध्ये बेळगावजवळच्या हिरेबागेवाडी टोलनाक्यावर महाराष्ट्राच्या गाड्यांवर दगडफेक झाली. खरीच घटना. पण तीच क्लिप तारखेशिवाय आज आली, तर कोल्हापूरच्या एसटीत बसलेल्या माणसाच्या घरी जीव टांगणीला लागतो.

म्हणून आज घरी गेल्यावर व्हॉट्सअॅपमधलं ऑटो-डाउनलोड बंद करा. गुन्ह्याची क्लिप असेल तर पोलिसांना द्या, ग्रुपवर टाकू नका. आणि आत्तीला ग्रुपवर चारचौघांत झापू नका. वेगळा फोन लावा आणि विचारा, ‘आत्ती, हे कुठलं गं? कधीचं?’