घराणं नसलेला खाँसाहेब

नमस्कार. संयोजकांनी विषय दिला आहे, ‘गायक-नट वसंतराव देशपांडे’. मी आज यातल्या नटाबद्दल जास्त बोलणार आहे. वसंतरावांच्या गाण्यावर आपल्याकडे खूप बोललं गेलं आहे, लिहिलंही गेलं आहे. त्यांचा मारवा, त्यांच्या ताना, त्यांनी गायलेली दीनानाथांची पदं, यावर तासन्‌तास बोलणारी माणसं या सभागृहातही बसली असतील. त्यांच्या नटपणाचा विषय मात्र ‘कट्यार काळजात घुसली या नाटकातली त्यांची भूमिका गाजली’ एवढ्या एका वाक्यात संपतो. जणू गवई रंगमंचावर उभा राहिला, गायला, लोकांनी टाळ्या वाजवल्या आणि त्यालाच आपण भूमिका म्हणालो. मला हे पटत नाही. वसंतराव पुरते नट होते, आणि त्याचा पुरावा त्यांच्या गाण्यातच आहे.

त्यासाठी थोडं त्यांच्या आयुष्याकडे बघावं लागेल. जन्म 2 मे 1920, अकोला जिल्ह्यातल्या मूर्तिजापूरचा. वाढले नागपुरात. तिथे शंकरराव सप्रे यांच्याकडे गाण्याचे पहिले धडे मिळाले. कॅमेऱ्यापुढे ते अगदी कोवळ्या वयात उभे राहिले. भालजी पेंढारकरांनी त्यांना ‘कालिया मर्दन’मध्ये कृष्णाची भूमिका दिली. हा चित्रपट 1935 चा. म्हणजे मैफलीतला गवई म्हणून नाव होण्याच्या कितीतरी आधी हा मुलगा नट झालेला होता. क्रम असा आहे, आणि आपण तो नेहमी उलटा सांगतो.

पुढे मामांबरोबर लाहोरला जाणं झालं. तिथे असद अली खाँसाहेबांनी त्यांना फक्त मारवा शिकवला, ही गोष्ट तुम्ही ऐकली असेल. महिनोन्‌महिने एकच राग. मारव्यात षड्‌ज, म्हणजे मूळ ‘सा’, सहज हाताशी येत नाही, कोमल रिषभ आणि धैवत माणसाला तंगवत ठेवतात. त्या वयाच्या मुलाला अशा रागात कोंडून ठेवणं ही कडक तालीम होती. पण त्यातून रागाकडे बघायची नजर मिळाली आणि ती नजर पुढे कुठल्याही रागाला लावता आली. लाहोरहून परतल्यावरही शिकणं थांबलं नाही. किराणा घराण्याचे सुरेशबाबू माने, भेंडीबाजार घराण्याचे अमान अली खाँ, अंजनीबाई मालपेकर, रामकृष्णबुवा वझे. एवढ्या दारांत हा माणूस जाऊन बसला. आणि या सगळ्यांच्याही वर मनात एक मूर्ती होती, मास्टर दीनानाथ मंगेशकरांची. दीनानाथ स्वतः ‘बळवंत संगीत मंडळी’चे गायक-नट. त्यांच्या गाण्यातली ती अचानक झेप, तो पंजाबी ढंग, एका सुरावरून भलत्याच सुरावर जाऊन पुन्हा अचूक समेवर येणं, हे वसंतरावांनी असं काही आत घेतलं की पुढे ते त्यांचंच झालं.

याची किंमत त्यांनी मोजली. शास्त्रीय संगीताच्या जगात तुम्ही कुणाचे, हा प्रश्न आधी विचारला जातो आणि गाणं नंतर ऐकलं जातं. निदान त्या काळी तसं होतं. आग्रा म्हणा, किराणा म्हणा, ग्वाल्हेर, जयपूर म्हणा, कुठल्यातरी एका घराण्याचं, म्हणजे गायकीच्या परंपरेचं, नाव हवं. वसंतरावांकडे ते एक नाव नव्हतं. त्यांचं गाणं धावतं, वळणं घेतं, श्रोत्याला पुढची जागा कळू देत नाही. पठडीतल्या कानांना हे बेशिस्त वाटलं. मैफलींची मोठी दारं त्यांच्यासाठी फार उशिरा उघडली.

तोवर पोटासाठी नोकरी. पुण्यात लष्करी हिशेबाच्या खात्यात कारकुनी. दोन दशकांहून अधिक काळ या माणसाने फायली सांभाळल्या, आणि कचेरी सुटल्यावर गाणं. मध्ये बदली झाली तीही पार ईशान्येला, नेफात, म्हणजे आजच्या अरुणाचल प्रदेशात. या वर्षांबद्दल हळहळ वाटते हे खरं, पण याच वर्षांत ते नट म्हणून तयार होत होते असं मला वाटतं. पु. ल. देशपांडे त्यांचे जिवलग. पुलंच्या ‘गुळाचा गणपती’मध्ये आशा भोसल्यांबरोबर ‘ही कुणी छेडिली तार’ ऐका. ‘पेडगावचे शहाणे’मधलं ‘झांजिबार’ ऐका. एकीकडे हळुवार प्रेमगीत, दुसरीकडे निव्वळ धमाल. दोन्हीकडे गाणारा माणूस वेगळा आहे. आवाज तोच, पण त्या आवाजामागचं माणूस बदललंय. पार्श्वगायनाला आपण अभिनय म्हणत नाही. म्हणायला हवं.

भावगीतांतही तेच. कवी अनिलांची ‘कुणी जाल का, सांगाल का’ आणि ‘वाटेवर काटे वेचीत चाललो’ ही दोन गाणी यशवंत देवांच्या चालीत वसंतरावांनी गायली. अनिलही मूर्तिजापूरचेच, हा एक सुंदर योगायोग. पहिल्या गाण्यात विनवणी आहे, जवळजवळ कासावीस झालेली. दुसऱ्यात चालून चालून शहाणा झालेला माणूस आहे, त्याला कुणाकडून काही नको आहे. तीन-साडेतीन मिनिटांत, फक्त गळ्याने, दोन अख्खी माणसं उभी राहतात. श्रीनिवास खळ्यांच्या चालीतलं ‘बगळ्यांची माळ फुले’ घेतलं तर तिसराच कुणी भेटतो, आठवणीत हरवलेला. तानबाजीचा बादशहा म्हणून ज्याची ख्याती, तो या गाण्यांत तान गिळून टाकतो. ती येत नाही म्हणून नव्हे, त्या माणसाला ती शोभणार नाही म्हणून. नट याहून वेगळं काय करतो?

आता रंगभूमीकडे येऊ. संगीत नाटकाचा इतिहास मी पुन्हा सांगत नाही. 1880 चं किर्लोस्करांचं ‘शाकुंतल’, मग भाऊराव कोल्हटकर, बालगंधर्व, केशवराव भोसले. 1921 चा तो संयुक्त ‘मानापमान’, ज्यात बालगंधर्व आणि केशवराव एकत्र उभे राहिले, सगळ्यांना ठाऊक आहे. मला त्या वैभवातली एक अडचण सांगायची आहे. पद सुरू झालं की नाटक थांबायचं. ‘वन्स मोअर’ आला की आणखी थांबायचं. नट पात्राबाहेर येऊन गवई व्हायचा, आणि पद संपलं की पुन्हा पात्रात शिरायचा. प्रेक्षकांना ते चालत होतं, किंबहुना त्यासाठीच ते येत होते. 1932 पासून मराठी बोलपट आले आणि ही अडचण उघडी पडली, कारण ज्याला गोष्ट हवी होती त्याला ती चित्रपटात न थांबता मिळू लागली. साठच्या दशकात ‘पंडितराज जगन्नाथ’, ‘मत्स्यगंधा’, ‘ययाति आणि देवयानी’ यांनी संगीत नाटकाला पुन्हा उभारी दिली. संगीतकार जितेंद्र अभिषेकींनी पदं आटोपशीर केली, चाली ताज्या केल्या. पण अडचणीच्या मुळालाच हात घातला तो पुरुषोत्तम दारव्हेकरांनी. नागपूरच्या या दारव्हेकर मास्तरांनी नाटकच असं लिहिलं की ज्यात पात्रं गवई आहेत आणि भांडण गाण्याचं आहे. तिथे गाणं थांबलं तर नाटक थांबेल. ‘कट्यार काळजात घुसली’चा पहिला प्रयोग 24 डिसेंबर 1967 ला झाला. संस्था प्रभाकर पणशीकरांची ‘नाट्यसंपदा’, संगीत अभिषेकींचं. वसंतराव तेव्हा सत्तेचाळीस वर्षांचे होते, नोकरी सोडून फार काळ झाला नव्हता.

विश्रामपूर संस्थान. दरवर्षी गाण्याचा मुकाबला. जिंकेल तो राजगायक, त्याला हवेली, आणि एक कट्यार. त्या कट्यारीने केलेला एक खून माफ. पंडित भानुशंकर वर्षानुवर्षं जिंकत आलेत आणि खाँसाहेब आफताब हुसेन बरेलीवाले हरत आलेत. एका वर्षी खाँसाहेब जिंकतात, पण त्या विजयात त्यांच्या नकळत घरातल्याच माणसाचं कपट मिसळलेलं आहे. मग पंडितजींचा शिष्य सदाशिव याच हवेलीत लपून खाँसाहेबांची विद्या शिकू पाहतो. पंडितजी झाले भार्गवराम आचरेकर, खाँसाहेबांची मुलगी झरीना झाल्या फैयाज, आणि खाँसाहेब झाले वसंतराव.

इथे मला जे म्हणायचं आहे ते आलं. खाँसाहेब कोण आहे? घराण्याचा कडवा अभिमानी. आपल्या घराण्याची विद्या परक्याच्या कानावर पडू नये म्हणून जीव घ्यायला निघालेला. आणि सदाशिव कोण? विद्येसाठी परक्या दारात जाऊन, मिळेल तसं, मिळेल तिथून वेचणारा. वसंतरावांचं स्वतःचं आयुष्य यातलं कुठलं होतं? सदाशिवाचं! लाहोरपासून पुण्यापर्यंत दारोदार जाऊन शिकलेला, ‘तुमचं घराणं कोणतं’ या प्रश्नाने आयुष्यभर अडवला गेलेला हा माणूस. आणि त्याच्याकडे भूमिका आली ती दार बंद करणाऱ्याची. स्वतःला ज्याने छळलं तीच वृत्ती त्यांना अंगावर घ्यायची होती, आणि तीही अशी की प्रेक्षकाला खाँसाहेबाची घृणा न वाटता त्याचं दुःख कळावं. ‘स्वतःचीच भूमिका केली, म्हणून जमली’ असं काही लोक म्हणतात. मला वाटतं, नेमकं उलट आहे.

हे त्यांनी कशाने केलं? मुख्यतः सुरांनी. हवेलीत पाऊल टाकल्यावर खाँसाहेब ‘या भवनातील गीत पुराणे’ म्हणतो. जुने, मवाळ, हळवे सूर आता या घरातून जाऊ देत, असं सांगणारं हे पद. या पदात वसंतरावांच्या आवाजाला एक धार आहे, विजयाची नशा आहे, आणि त्या नशेच्या तळाशी इतकी वर्षं हरल्याची चीड आहे. स्वर फेकल्यासारखा येतो. आता त्यांच्याच आवाजातलं ‘तेजोनिधी लोहगोल’ घ्या. सूर्याला केलेलं ते वंदन गाताना खाँसाहेबाचा अहंकार कुठे जातो कळत नाही. तिथे फक्त सुरापुढे नम्र झालेला एक साधक आहे. हा माणूस मुळात मोठा कलावंत आहे, हे प्रेक्षकाला अशा जागी पटतं. ते पटलं नसतं तर पुढचं सगळं नाटक एका दुष्ट माणसाची गोष्ट होऊन बसलं असतं.

‘सुरत पिया की’मध्ये रागामागून राग बदलत जातात. तिथे वसंतरावांची सगळी भटकंती, सगळी दारं, सगळे गुरू कामाला आलेले दिसतात. पण ते बदल ‘बघा मला किती येतं’ अशा थाटात आले तर तो खाँसाहेब आहे की वसंतराव? मला तरी तिथे कायम खाँसाहेबच ऐकू आला आहे. विद्येचा साठा दाखवणं हा त्या पात्राचाच स्वभाव आहे. गवयाची तयारी आणि पात्राचा स्वभाव यांच्यात फट उरलेली नाही.

आणि ‘घेई छंद मकरंद’. एकच पद, तेच शब्द, दोन चाली. पंडितजींची शांत, संथ लयीची, शब्दाला कुरवाळणारी. खाँसाहेबांची चपळ, तानांनी लखलखणारी. हे दोन स्वभावांमधलं भांडण आहे, आणि अभिषेकींनी ते संवादाचा एकही शब्द न वापरता मांडलं. यात अभिषेकींचं श्रेय मोठं आहे, ते वसंतरावांच्या कौतुकात झाकलं जाऊ नये. आचरेकरांचंही. समोर इतका शांत, भरदार पंडित नसता तर खाँसाहेबाची चमक कशावर उठून दिसली असती?

बोलण्याबद्दल एक गोष्ट. खाँसाहेबाच्या तोंडी उर्दूचा बाज आहे. मराठी नटांच्या तोंडी तो पुष्कळदा उसना वाटतो, नुक्ते मोजून टाकल्यासारखा. वसंतरावांकडे तो सहज आला. उस्तादांपुढे बसून काढलेले लाहोरचे ते दिवस इथे उपयोगी पडले असणार.

पुढच्या काळातलं मी थोडक्यात सांगतो. 1979 च्या ‘अष्टविनायक’मध्ये ते नायिकेचे वडील आहेत. ‘दाटून कंठ येतो’ हे मुलीच्या पाठवणीचं गाणं. संगीत अनिल-अरुण यांचं. लग्नाच्या मांडवात हे गाणं आजही वाजतं आणि बापमाणसं तोंड फिरवून डोळे पुसतात. खाँसाहेबाची सगळी ऐट, सगळी तयारी इथे बाजूला ठेवलेली आहे. साधा गृहस्थ, आणि त्याचा खरोखर दाटलेला कंठ. सूर मात्र तसूभरही हलत नाही. रडवेलं गाणं आणि रडणारं गाणं यांतला फरक शिकायचा असेल तर तो इथे शिकावा. 1982 मध्ये संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला आणि 30 जुलै 1983 ला ते गेले. त्रेसष्ट वर्षं म्हणजे काहीच नाही. त्यातली पूर्ण वेळ कलेला मिळालेली वर्षं वीससुद्धा नाहीत, याचा मला आजही राग येतो.

2015 मध्ये सुबोध भावेंनी ‘कट्यार’चा चित्रपट केला. खाँसाहेब झाले सचिन पिळगावकर, म्हणजे ‘अष्टविनायक’चे नायक. त्यांना आवाज दिला वसंतरावांचे नातू राहुल देशपांडे यांनी. दोघांनीही कामं चोख केली. चित्रपटामुळे एक अख्खी तरुण पिढी या पदांकडे आली, ही मोठीच गोष्ट. पण बघा, एका भूमिकेसाठी दोन गुणी माणसं लागली. देह एकाचा, गळा दुसऱ्याचा. चित्रपटाची रीतच तशी आहे, त्यात कुणाचा दोष नाही. मात्र त्यामुळे वसंतरावांनी रंगमंचावर रोज काय पेललं याचा अंदाज येतो. चाल, नजर, संवाद, राग, पश्चात्ताप, आणि त्याच श्वासात तार सप्तकातली तान, समोर जिवंत प्रेक्षक आणि दुसरा टेक नाही. 2022 च्या ‘मी वसंतराव’मध्ये राहुल यांनी हे दोन्ही पुन्हा एका देहात आणलं. आजोबांची भूमिकाही केली, गायलेही, संगीतही दिलं. त्यातल्या गायनासाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

आपल्या नाट्यशाळांत आज अभिनय एका वर्गात शिकवतात आणि गाणं दुसऱ्या. गाणारी मुलं संवादाला कचरतात, अभिनय करणारी सुराला. संगीत नाटक करायला घेतलेल्या प्रत्येक दिग्दर्शकाला पहिली अडचण हीच येते. माझी सूचना एवढीच आहे की ‘कट्यार’ची पदं त्या दोन्ही वर्गांत अभ्यासाला लावा, आणि गाण्याच्या वर्गात विचारा, ‘हा माणूस आत्ता कुणावर चिडलाय?’ अभिनयाच्या वर्गात विचारा, ‘हा चिडलाय हे कुठल्या सुरावर कळलं?’

आता आपण ध्वनिमुद्रण ऐकू. आधी आचरेकरांचं ‘घेई छंद’, मग वसंतरावांचं. त्यानंतर तुमचे प्रश्न घेतो.