कागदावरची पावलं

हे पान बघा, नृत्य लिहून ठेवण्याच्या एका जुन्या फ्रेंच लिपीतलं. वर सुरावटीची एक ओळ. खाली एक रेघ वळत, गोल फिरत निघाली आहे. पान म्हणजे रंगमंचाची जमीन आणि रेघ म्हणजे नर्तकीची वाट.

आता जरा जवळून. काळा ठिपका आहे तिथून पाऊल निघालं. पावलाच्या खुणेवर तिरपा फराटा असेल तर गुडघा वाकला, सरळ असेल तर अंग वर उचललं. सरळ फराटे दोन असतील तर उडी. वाटेला छेदणारी आडवी खूण दिसली की संगीताचं एक आवर्तन संपलं. ठेका आणि पाऊल इथे एकमेकांना बांधलेले आहेत.

नृत्यशिक्षक राऊल-ओजे फये यांनी ही लिपी १७०० साली पॅरिसमध्ये छापली. कल्पना आपली, असा दावा नृत्यरचनाकार पिएर बोशाँ यांनी केला, पण १७०४ मध्ये ते हरले. नाव फयेंचं झालं, तरी अभ्यासक आज दोघांच्याही नावाने ही लिपी ओळखतात. मला हे न्याय्य वाटतं.

अशी लिहिलेली तीनशेहून अधिक नृत्यं आज हाती आहेत. त्यांतल्या एकाच्या माथ्यावर लिहिलंय की संगीतकार ल्युलींच्या ‘आर्मीद’ या ऑपेरातलं हे पासाकाय नर्तकी सुब्लिन्यी यांनी इंग्लंडमध्ये नाचलं. पासाकाय म्हणजे खर्जातला तोच तुकडा पुन्हापुन्हा येत राहतो आणि वरची सुरावट बदलत जाते. त्या बदलांवर या एकट्या बाईने काय काय केलं, ते आज पावलापावलाने वाचता येतं. तीनशे वर्षांपूर्वीच्या नर्तकीच्या इतक्या जवळ जाता येतं, याने मी अजूनही हरखून जाते.

पण हात कुठे आहेत? बहुतेक पानांवर नाहीत. लय किती जलद, तेही नाही. चेहरा तर नाहीच. लिहिलेली नृत्यं बहुतेक एकट्याची किंवा जोडीची आहेत. ऑपेरात गटाने होणारी नृत्यं जवळजवळ सगळी गेली.

१७६० साली नृत्यरचनाकार ज्याँ-जॉर्ज नोव्हेर यांनी पत्रांच्या रूपात पुस्तक लिहिलं. मुखवटे काढा, नृत्याने गोष्ट सांगावी, भाव दाखवावा, असा त्यांचा आग्रह. या लिपीवर त्यांचा विश्वास नव्हता. त्यामुळे त्यांच्या नृत्यनाट्यांच्या छापील कथा मिळतात, संगीतही मिळतं, पण पावलं मिळत नाहीत. संशोधक मग कथेतली वाक्यं सुरावटीशी जुळवत बसतात: नायिका रागावली ती कोणत्या स्वरावर?

म्हणूनच पॅरिसच्या ऑपेरा ग्रंथालयातली १७८२ची एक हस्तलिखित वही मोलाची आहे. ओग्युस्त फेरेर या नर्तकाची. तिच्यात सुरावट आहे, आकृत्या आहेत, कुठे फयेंच्या खुणा आहेत. आणि जिथे खुणांनी भागत नाही, तिथे त्याने सरळ शब्दांत लिहून ठेवलंय: कोण आत येतो, कोण काय करतो.