मिलाग्रिस: एका नावाची वाट

मंडळी, गोव्यातल्या म्हापशाच्या माणसाला मिलाग्रिस हे नाव समजावून सांगायचं म्हणजे बार्देश तालुक्याच्या माणसाला नारळ सोलायला शिकवण्यासारखं आहे. फेस्ताला, म्हणजे चर्चच्या सणाला, तेल घेऊन रांगेत उभे राहणारे तुमच्यापैकी कितीतरी जण असतील. तरीही मी हा विषय घेतला, कारण सायबिणीचं, म्हणजे येशूची माता मारिया हिचं, म्हणून हे नाव सगळ्यांच्या तोंडी असलं, तरी मुलीचं नाव म्हणून ते आता क्वचितच कानावर पडतं. जुन्या पिढीत एखादी मिलाग्रिस किंवा मिलाग्रिना भेटते. पाळण्यातल्या नावांत तिची जागा कधीच दुसऱ्यांनी घेतली.

आधी एक गैरसमज दूर करतो. मिलाग्रिस नावाची कुणी संत होऊन गेली आणि तिच्यावरून हे नाव पडलं, असं नाही. पोर्तुगाल आणि स्पेनमध्ये मारियेला अनेक बिरुदांनी ओळखतात: दुःखांची माता, करुणेची माता, चमत्कारांची माता. मुलीचं नाव ठेवताना ‘मारिया दोस मिलाग्रिस’ असं पूर्ण ठेवायचे, आणि घरोघरी मारिया असल्यामुळे हाक मारताना मारिया गळून जायची, बिरूद तेवढं उरायचं. दोरेस, पिएदाद, कॉन्सेसांव ही नावं अशीच घडलेली आहेत. त्यामुळे व्याकरणाची एक गंमत झाली. पोर्तुगीजमध्ये ‘मिलाग्रे’ म्हणजे चमत्कार, हा शब्द पुल्लिंगी, आणि ‘मिलाग्रिस’ हे त्याचं अनेकवचन. म्हणजे एकट्या मुलीला हाक मारायची ती ‘चमत्कार’ अशी, तीही अनेकवचनी. आई म्हणत असेल, “आमचे चमत्कार अजून शाळेतून आलेले नाहीत.”

आता लॅटिनकडे. मूळ शब्द ‘मिराकुलुम’. ‘मिरारी’ म्हणजे थक्क होऊन पाहणं, आणि ज्याच्याकडे पाहून माणूस थक्क होतो ते मिराकुलुम. त्यात जादू नाही, देवाचा हस्तक्षेपही अजून नाही. डोळे विस्फारायला लावणारी कुठलीही गोष्ट या शब्दात बसायची. धर्माचा अर्थ त्याला नंतर चिकटला. म्हापशाच्या इगर्जेचा, म्हणजे चर्चचा, यात एक मजेशीर योग आहे. तिचं अधिकृत नाव मिलाग्रिस नाही, ती संत जेरोमची इगर्ज. हा जेरोम म्हणजे बायबल लॅटिनमध्ये आणणारा, इ. स. 420 मध्ये वारलेला विद्वान. त्याच्या नावाच्या लॅटिन शुभवर्तमानांत येशूच्या चमत्कारांसाठी बहुतेक ठिकाणी ‘सिग्नुम’ म्हणजे खूण, किंवा ‘विर्तुस’ म्हणजे सामर्थ्य, असे शब्द येतात. लोकांनी मात्र जेरोमच्या इगर्जेला ओळखलं ते मिराकुलुमच्या लेकीच्या नावाने. विद्वानाचं नाव पाटीवर राहतं आणि लोक आपल्याला हवं तेच म्हणतात, हे आपल्याकडे नवीन नाही.

लॅटिन ‘मिरुस’ म्हणजे आश्चर्यकारक. भाषाशास्त्रज्ञ त्याचं मूळ ज्या धातूशी जोडतात, तो आपल्या संस्कृतात ‘स्मि’ म्हणून आहे. स्मयते, स्मित, आणि वि लावला की विस्मय. हसणं आणि थक्क होणं एकाच मुळाला फुटावं, हे लहान मूल पाहिलेल्या कुणालाही पटेल. थोडक्यात, तुमच्या शेजारची स्मिता आणि इगर्जेतली मिलाग्रिस या फार लांबच्या नात्याने एकाच कुळातल्या. नाहीतरी आपण मिराकुलुमचं मराठी ‘चमत्कार’ असं करतो, आणि संस्कृत काव्यशास्त्रात चमत्कार म्हणजे सुंदर काही अनुभवताना मनाचं थक्क होणं. अभिनवगुप्ताने तो शब्द याच अर्थाने वापरला आहे. बुवाबाजीच्या बातम्यांनी त्या शब्दाचं जे करून ठेवलं, ते अलीकडचं.

मिराकुलुमचं मिलाग्रे कसं झालं? इथे जरा थांबू या, कारण याचा पुरावा तुमच्या तोंडात आहे. लॅटिनमध्ये चर्चला ‘एक्लेसिया’. पोर्तुगीजमध्ये त्याचं ‘इग्रेजा’ झालं आणि कोकणीत इगर्ज. ‘क्ल’चा ‘ग्र’ झालेला ऐकू आला? मिराकुलुममध्येही ‘कु’तला उकार बुडाला, ‘क्ल’ उरला, आणि त्याचा ‘ग्र’ झाला. 13व्या शतकातल्या मारियेच्या स्तोत्रांत ‘मिराग्रे’ असंच रूप सापडतं. त्यात दोन र आले. जिभेला एकाच वर्णाची दोनदा कसरत नको असते, म्हणून पहिल्या र चा ल झाला: मिलाग्रे. आपण तरी वेगळं काय केलं? संस्कृत ‘लांगल’मध्ये दोन ल होते, शेतकऱ्याने त्याचा नांगर करून टाकला.

याच कुळात मिरांदा आहे, म्हणजे ‘पाहून थक्क व्हावं अशी’. इंग्रजीत मुलीचं नाव म्हणून ते शेक्सपिअरने एका नाटकात आणलं. गोव्यात ते आडनाव, लोटलीच्या व्यंगचित्रकार मारिओ मिरांदांमुळे घराघरात ठाऊक. ते आडनाव मात्र मुलीवरून आलेलं नाही, पोर्तुगालमधल्या त्या नावाच्या गावांवरून आलं आहे.

आणि आता लोककथेतल्या सात बहिणींकडे, म्हणजे गोव्यातल्या सात देवींकडे, येतो, ज्यासाठी निम्मी मंडळी आली असणार. शिरगावची लईराई, मुळगावची केळबाय, मोरजीची मोरजाई, मयेची महामाया अशी नावं घेत लोककथा एका बहिणीपाशी येते, मीराबायपाशी. ही ख्रिस्ती झाली आणि म्हापशाची मिलाग्रिस सायबीण झाली, असं कथा सांगते. बहिणींचं नातं तुटलं नाही. शिरगावहून मोगरीची फुलं यायची आणि इकडून तेल जायचं, असं सांगतात. सायबिणीचं फेस्त ईस्टरनंतर पंधरवडा उलटल्यावर येणाऱ्या सोमवारी, लईराईची जत्रा वैशाख शुद्ध पंचमीला. ऋतू साधारण एकच.

बार्देश 1543 मध्ये पोर्तुगिजांकडे गेला, म्हापशाची इगर्ज 1594 ची. त्या काळात नेमकं कुठलं देऊळ कुठे होतं, यावर मी बोलणार नाही. नावाबद्दल माझा एक तर्क आहे, तर्क म्हणूनच घ्या. मिराकुलुममधला ‘मिर’ आणि मीराबायमधला ‘मीर’ यांचा व्युत्पत्तीने काही संबंध नाही. पण ‘मिलाग्रिस’ हे परकं नाव कानावर पडल्यावर लोकांनी त्याच्या जवळ बसणारं घरचं नाव शोधलं असावं, आणि केळबायच्या ओळीत शोभेल अशी मीराबाय त्यांना सापडली असावी. किंवा मीराबाय आधीच होती आणि चमत्कारांच्या मातेची मूर्ती तिथे बसायला आवाजाचं साम्य सोयीचं पडलं. दोन्ही बाजूंनी बोलता येतं. मला पहिली शक्यता जास्त पटते, कारण परका शब्द घरचा करून घेण्यात आपली माणसं पटाईत आहेत. अफोन्सोचा हापूस त्यांनीच केला. ‘सायबीण’ तरी काय, अरबी साहेबाला आपला स्त्रीलिंगी प्रत्यय. लॅटिन पाळण्यातलं नाव आणि अरबी मान, त्यावर सगळा बार्देश तेल ओततो.

प्रश्नोत्तरांत एकांनी विचारलं, हे नाव पुरुषांना ठेवतात का. हो, गोव्यात ठेवतात, रोझारियो आणि पिएदादसारखंच. बिरुदाला लिंगाची अडचण नसते, आणि व्याकरणाने पाहिलं तर पुल्लिंगी नावावर मुलग्यांचा हक्क जरा जास्तच. दुसरा प्रश्न मंगळुरूच्या मिलाग्रिस इगर्जेचा होता. ती 1680 ची, आणि ती उभी करणारे बिशप तोमास द कास्त्रो आपल्या गोव्यातल्या दिवाडीचे. तेव्हा मंगळुरूकडे हे नाव कुणी नेलं, तेही घरातलंच उत्तर आहे.