रात्री साडेअकराचा जॉनी

अमेरिकेत रात्रीचे साडेअकरा. दिवे मालवायची वेळ. एनबीसी या टीव्ही वाहिनीवर 'द टुनाइट शो'चा बँड सुरू होतो, निवेदक एड मॅकमहोन लांबलचक हेल काढून पुकारतात, 'हिअर्स जॉनी!' आणि रंगीत पडद्यामागून यजमान जॉनी कार्सन बाहेर येतात. १९७२ पासून हा 'रात्रीचा' कार्यक्रम कॅलिफोर्नियात, बरबँकच्या स्टुडिओत चित्रित होई. तोही संध्याकाळी, बाहेर उजेड असताना!

'द टुनाइट शो' १९५४ मध्ये स्टीव्ह ॲलन यांच्यापासून सुरू झाला. कार्सन १९६२ मध्ये आले आणि तब्बल ३० वर्षं टिकले. आधी दिवसभराच्या बातम्यांवर कोपरखळ्या, मग पाहुणे, गप्पा, गाणी. साचा जुनाच. कार्सन बोलायचे झकास, पण त्यांची खरी कमाल होती गप्प राहण्यात.

१९६५ मधला हा प्रसंग बघा. गायक-नट एड एम्स कुऱ्हाड फेकून दाखवतायत. समोर फळीवर काउबॉयची आकृती. कुऱ्हाड सुटते आणि रुतते ती नेमकी नको तिथे, दांडा वर करून! प्रेक्षक हसून हसून बेजार. ओशाळलेले एम्स ती काढायला निघतात, तर कार्सन त्यांना धरून थांबवतात. हशा पुरता पिकू देतात. मगच स्वतःचा टोला.

नव्या विनोदवीरांचा मात्र या गप्प बसण्यानं जीव टांगणीला लागे. पाच-सहा मिनिटांत काय ते हसवायचं आणि मग कार्सन यांच्याकडे बघायचं. नुसत्या टाळ्या मिळाल्या, तर नमस्कार करून आत. हातानं खूण करून शेजारी बसायला बोलावलं, की नशीब उघडलं. १९८६ मध्ये एलन डीजेनेरस यांना पहिल्याच खेपेला ही खूण मिळाली. तोवर कुठल्याही विनोदी कलावतीला पदार्पणात हा मान मिळाला नव्हता.

त्याच वर्षी विनोदी कलावती जोन रिव्हर्स यांनी फॉक्स वाहिनीवर स्वतःचा शो घेतला, थेट कार्सन यांच्याशी टक्कर देणारा. १९६५ पासून रिव्हर्स याच मंचावर मोठ्या झालेल्या. कार्सन रजेवर गेले की खुर्ची त्याच सांभाळत. कार्सन यांनी त्यांच्याशी बोलणंच टाकलं. १९९२ मध्ये ते निवृत्त झाले, २००५ मध्ये गेले; अबोला काही सुटला नाही. 'टुनाइट'च्या मंचावर रिव्हर्स यांचं पाऊल पुन्हा पडायला २०१४ उजाडावं लागलं. तेव्हा यजमान होते जिमी फॅलन, आणि रिव्हर्स ८० वर्षांच्या.