मिगेल इन्क्लान: ज्याचा राग यायचा तो माणूस

हा आंधळा म्हातारा बघा. अंगावर वाद्यं अडकवून मेक्सिको सिटीच्या रस्त्यावर गाणी म्हणून पोट भरतोय. टवाळ पोरं त्याला गाठतात, दगड मारतात, ढोल फोडतात, तो मातीत पडतो आणि समोर एक कोंबडी उभी असते, बस. आपला जीव कळवळतो. आणि थोड्या वेळाने तोच म्हातारा एका लहान मुलीच्या अंगचटीला जातो.

लुइस बुन्युएलचा सिनेमा 'लोस ओल्विदादोस', 1950. आणि हा नट मिगेल इन्क्लान.

मेक्सिकन सिनेमाच्या सोनेरी काळात पोस्टरवर मोठा फोटो असायचा पेद्रो इन्फान्तेचा, दोलोरेस देल रिओचा. इन्क्लानचं नाव खाली बारीक अक्षरात. पण 'मारिया कान्देलारिया' आठवा, गरीब मारियाला तापाचं औषध नाकारणारा, तिची डुकरीण मारणारा तो दुकानदार, हाच.

1948 चा 'नोसोत्रोस लोस पोब्रेस' तर तिकडे घराघरात पाहिला गेला. त्यात हा गांजेकस डॉन पिलार. खोलीत पैसे चोरतोय आणि कोपऱ्यात लकव्याने जखडलेली म्हातारी, तिला बोलता येत नाही, हलता येत नाही, ती फक्त बघतेय. तिचं ते बघणंच त्याला सहन होत नाही आणि तो तिला मारत सुटतो. मला हा सीन दर वेळी जड जातो. कारण इन्क्लान तिथे राक्षस नाही वाटत, घाबरलेला माणूस वाटतो, आणि मारतोय तो घाबरून, हे त्याच्या चेहऱ्यावर स्वच्छ दिसतं. नुसते डोळे वटारून हे होत नाही हो.

त्याच वर्षी हॉलीवूडमध्ये जॉन फोर्डच्या 'फोर्ट अपाची'त तो कोचीस झाला, अपाची लोकांचा पुढारी. संवाद स्पॅनिशमध्ये, भाषांतर करायला शेजारी पेद्रो आर्मेंदारिझ. समोर हेन्री फोंडाचा कर्नल अपमान करतोय आणि हा जागचा हलत नाही, आवाजही चढवत नाही. रोल छोटाच, पण त्या भेटीत मान कोणाला द्यायचा हे आपलं आपल्याला कळतं.

1956 मध्ये मेक्सिकोतल्या तिहुआना शहरात तो वारला.

त्याचं एकच काम बघायला वेळ असेल तर 'सालोन मेहिको' बघा. एमिलियो फर्नांडेझचा सिनेमा, कॅमेरा गाब्रिएल फिगेरोआचा, तोच ज्याने पुढे 'ओल्विदादोस' शूट केला. इथे इन्क्लान साधा पोलीस आहे, लुपे. मार्गा लोपेझची मर्सेदेस धाकट्या बहिणीच्या शाळेच्या फीसाठी रात्री डान्सहॉलमध्ये काम करते, हे त्याला माहितीये, आणि तरी, तरी काय, म्हणूनच तो तिला लग्नाचं विचारतो. आवाज एकदम खाली. वर्षानुवर्षं लोकांनी ज्याचा तिरस्कार केला तोच चेहरा, नाक तेच, जबडा तोच, आणि आपण मनातल्या मनात म्हणत असतो, हो म्हण गं बाई, हो म्हण.