कुलाब्याहून कुलाब्याला

श्रोतेहो, नमस्कार.

घरात एखादं होकायंत्र असेल तर ते जवळ घेऊन बसा. जत्रेत मिळतं तसलं, किल्ल्यांच्या साखळीला लटकवलेलंही चालेल. टॉर्चचा एक सेल आणि हातभर वायरही लागेल, पण ती थोड्या वेळाने.

आज मी एका बदलीची गोष्ट सांगणार आहे. माणसाची नव्हे, वेधशाळेची. ईस्ट इंडिया कंपनीने 1826 साली मुंबईत कुलाब्याला वेधशाळा उभारली. आकाश बघायचं आणि बंदरातल्या जहाजांना बिनचूक वेळ द्यायची, एवढंच तिचं मूळ काम. 1841 पासून तिथे आणखी एक चिकट काम सुरू झालं. एक चुंबक टांगून ठेवायचा आणि तो किती हलला ते दिवसरात्र लिहून ठेवायचं. पृथ्वी स्वतः एक मोठा चुंबक आहे. तिचा जोर दिवसभरात किंचित कमीजास्त होतो, तिच्या उत्तर ध्रुवाकडे बोट दाखवणारा काटाही किंचित डुलतो. तो डोलण्याचा हिशेब ठेवायचा. साठ वर्षं माणसं हे करत राहिली.

मग मुंबईला विजेच्या ट्रामचे वेध लागले. ट्राम शहरात आधीही होत्या, 1874 पासून, पण त्या घोड्यांच्या. घोड्यांच्या पायांत लोखंडी नाल असले तरी तेवढ्यावरून वेधशाळेतला काटा बिचकत नव्हता. विजेची ट्राम येणार म्हटल्यावर मात्र वेधशाळेचे संचालक नानाभाई मूस यांच्यापुढे पेच उभा राहिला. हे त्या वेधशाळेचे पहिले भारतीय संचालक. चुंबकाच्या नोंदींचं सगळं काम 1904 साली तिथून उचललं आणि खाडीपलीकडे अलिबागला नेलं. मुंबईतली विजेची ट्राम प्रत्यक्ष धावली ती नंतर, 7 मे 1907 ला.

जाता जाता एक गंमत. अलिबाग ज्या जिल्ह्यात आहे त्याचं नाव तेव्हा कुलाबाच होतं, रायगड हे नाव 1981 नंतरचं. तेव्हा ही बदली कुलाब्याहून निघाली आणि कुलाब्यातच रुजू झाली.

आता मुद्द्याचं. ट्राम रस्त्यावर, चुंबक खोलीत, मध्ये भिंती. ट्राम वेधशाळेला धडकणार नव्हती. मग भीती कशाची?

सव्वादोनशे वर्षांपूर्वीच्या एखाद्या पंडिताला विचारलं असतं तर तो म्हणाला असता, विजेचा आणि चुंबकाचा काही संबंध नाही. आपल्याकडची दोन नावंच बघा. अंबर नावाचा पिवळसर खडा असतो, त्याला तृणमणी म्हणतात. लोकरीवर घासला की गवताच्या काड्या ओढतो, म्हणून तृणमणी. आणि लोखंडाला जाऊन बिलगतो, त्याचं जणू चुंबन घेतो, तो चुंबक. दोघेही ओढतात, पण दोघांचे स्वभाव वेगळे. तृणमणी घासावा लागतो, ओला झाला की त्याची जादू गेली. चुंबकाला घासायला नको, पाण्याची फिकीर नाही, पण लोखंड सोडून फारसं कुणाला तो ओळख देत नाही. इंग्लंडच्या विल्यम गिल्बर्टने 1600 साली या दोघांची रीतसर फारकत करून दिली, आणि ती पुढे दोनशे वर्षं टिकली.

ती मोडली 1820 साली, कोपनहेगनला. त्याआधी वीस वर्षं इटलीच्या व्होल्टाने एक सोय करून ठेवली होती. तांबं आणि जस्त यांच्या चकत्या, मध्ये मिठाच्या पाण्यात भिजवलेला पुठ्ठा, अशा चकत्यांची चळत रचली की वीज ठिणगीसारखी चमकून जात नाही, नळाच्या पाण्यासारखी वाहत राहते. वाहती वीज हाताशी आली म्हणून पुढचं सगळं घडलं. हान्स ख्रिश्चन ओर्स्टेड हे प्राध्यापक. त्यांनी प्रवाह चालू असलेली तार होकायंत्रावर धरली, आणि काटा वळला.

आता तुमचा सेल आणि वायर घ्या. होकायंत्र टेबलावर सपाट ठेवा, काटा स्थिर होऊ द्या. वायर काट्याच्या बरोबर वर, उत्तर-दक्षिण, काट्याला समांतर धरा. वायरचं एक टोक सेलच्या एका बाजूला लावा आणि दुसरं टोक दुसऱ्या बाजूला फक्त टेकवा. एक, दोन. उचला. जास्त वेळ धरू नका, वायर तापते आणि सेल बसतो. आणि हा खेळ सेलवरच खेळायचा, भिंतीतल्या प्लगजवळ वायर न्यायची नाही.

काय झालं? काटा झटकन बाजूला वळला. आता सेल उलटा करा, काटा दुसऱ्या बाजूला वळेल. सेल तसाच ठेवून वायर काट्याच्या खालून न्या, पुन्हा दिशा बदलेल. ओर्स्टेडच्या काळातली माणसं चक्रावली ती इथे. तोवर माहीत असलेली प्रत्येक ओढ सरळ रेषेतली होती. सूर्य पृथ्वीला ओढतो तो स्वतःकडे. ही तार मात्र काट्याला ना जवळ ओढत, ना दूर ढकलत. त्याला आडवा करते. जणू तारेभोवती काहीतरी गोल गोल फिरतंय, मुठीत काठी धरल्यावर बोटं फिरतात तसं. शाळेत उजव्या हाताच्या अंगठ्याचा नियम घोकला होता ना? तो हाच. अंगठा प्रवाहाच्या दिशेला, वळलेली बोटं चुंबकीय क्षेत्राच्या दिशेला. परीक्षेच्या हॉलमध्ये मुलं गुपचूप अंगठे वर करून बसलेली दिसायची, ती याचसाठी.

आता थोडा हिशेब, कारण त्याशिवाय ट्रामचं भय कळणार नाही. एक अँपिअर प्रवाह वाहणाऱ्या सरळ तारेपासून एक सेंटिमीटरवर जे चुंबकीय क्षेत्र असतं, ते पृथ्वीच्या आपल्याकडच्या क्षेत्राच्या साधारण निम्मं. म्हणून काटा एवढा वळला. चुंबकीय क्षेत्र मोजायचं बारीक माप म्हणजे नॅनोटेस्ला. पृथ्वीचं इथलं क्षेत्र सुमारे 40 हजार नॅनोटेस्ला. आणि वेधशाळा जो रोजचा चढउतार मोजते, तो चाळीस-पन्नास नॅनोटेस्लांचा असतो. म्हणजे 40 हजारांच्या हंड्यात चाळीस-पन्नासाचं खुळखुळणं ऐकायचं. आता उदाहरणापुरती शंभर अँपिअरची एक तार धरा. एक किलोमीटरवरही ती 20 नॅनोटेस्लांचा गोंधळ घालते. ट्रामची वीज वरच्या तारेतून येते आणि रुळांतून परत जाते. येणारी आणि जाणारी एकमेकींचा परिणाम बऱ्यापैकी मारतात हे खरं, पण रुळांतला थोडा प्रवाह जमिनीत पाझरतो आणि मनाला येईल त्या वाटेने घरी जातो. त्याला कोण आवरणार? दर वळणाला, दर थांब्याला वेगळा गोंधळ. त्या कोलाहलात पृथ्वीची कुजबुज ऐकू येणं अशक्य. मूस यांनी एक शहाणपण केलं. कुलाबा आणि अलिबाग, दोन्हीकडच्या नोंदी काही काळ एकाच वेळी चालू ठेवल्या, म्हणजे जुन्या वह्या आणि नव्या वह्या सांधता याव्यात. ट्राम यायला उशीर झाला तो इथे कामी आला.

विजेने चुंबक हलतो. मग चुंबकाने वीज निर्माण होईल का? हा प्रश्न ओर्स्टेडनंतर युरोपभर सगळ्यांच्या डोक्यात होता. जिनिव्हाच्या कोलाडोनची गोष्ट ऐकून मला दरवेळी हळहळ वाटते. 1825 साली त्याने तारेचं वेटोळं केलं, त्यात मोठा चुंबक घातला. आपल्या चुंबकाने मोजणाऱ्या काट्यावर परिणाम होऊ नये म्हणून काटा नेऊन ठेवला दुसऱ्या खोलीत. चुंबक घातला, चालत त्या खोलीत गेला, बघतो तर काटा शून्यावर. वीज आली होती आणि गेलीही होती, हा वाटेत असताना! दाराशी कुणीतरी उभं असतं तर त्याचं नाव आज पाठ्यपुस्तकात असतं.

तो मान मिळाला मायकेल फॅरेडे यांना. लोहाराचा मुलगा, शाळा जेमतेम, पुस्तकं बांधायच्या दुकानात उमेदवारी केलेला. 29 ऑगस्ट 1831 ला लंडनच्या रॉयल इन्स्टिट्यूशनमध्ये त्यांनी लोखंडाच्या कड्यावर दोन वेटोळी गुंडाळली. एकात वीज सोडली की दुसऱ्याला जोडलेला काटा फडकायचा, आणि लगेच गप्प. वीज तोडली की पुन्हा फडकायचा, उलट्या बाजूला. मधल्या वेळात, वीज जोरात वाहत असताना, काहीच नाही. चुंबक नुसता असून भागत नाही. तो हलला पाहिजे, वाढला पाहिजे, घटला पाहिजे. बदलाची वीज होते, स्थिर चुंबकाची होत नाही.

ज्यांनी सायकलच्या डायनॅमोवर रात्री रस्ता कापलाय त्यांना हे पायांना ठाऊक आहे. त्या बाटलीएवढ्या डायनॅमोत चुंबक फिरतो आणि शेजारी तारेचं वेटोळं असतं. चढावर सायकल मंदावली की दिवा मिणमिणायचा, उतारावर लख्ख, आणि थांबलं की अंधार. आमच्या गावच्या उतारावर माझे किती बल्ब उडालेत! आणि बल्ब उडाला की पेडल एकदम हलकं व्हायचं. दिवा पेटवणारी वीज फिरत्या चुंबकाला मागे ओढत असते. लेन्झचा नियम म्हणतात तो हाच. उजेड फुकट मिळत नाही, पोटऱ्यांतून वसूल होतो. खोपोलीला 1915 पासून टाटांच्या जलविद्युत केंद्रात जे चालतं ते तत्त्वाने हेच. पोटऱ्यांच्या जागी घाटावरून कोसळणारं पाणी, इतकंच.

आणि आता कुलाब्याच्या जुन्या वह्यांतलं एक पान. 1 सप्टेंबर 1859 ला इंग्लंडमध्ये रिचर्ड कॅरिंग्टन सूर्यावरचे डाग रेखाटत असताना त्यांना तिथे डोळे दिपवणारी लकाकी दिसली. साधारण साडेसतरा तासांनी पृथ्वीच्या चुंबकत्वाला हादरा बसला. कुलाब्याच्या वेधशाळेत कुणीतरी निरीक्षक डोळा लावून बसला होता. त्याने लिहिलेल्या आकड्यांतून आज दिसतं की पृथ्वीचं क्षेत्र तिथे सुमारे 1600 नॅनोटेस्लांनी कोसळलं. रोजचा चढउतार चाळीस-पन्नासाचा, हे आठवा. त्या वादळाची एवढी चांगली नोंद जगात फार थोड्या ठिकाणी झाली, म्हणून सूर्यवादळांवर काम करणारे शास्त्रज्ञ अजूनही त्या वहीकडे वळतात.

त्याच वादळात अमेरिकेत बॉस्टन आणि पोर्टलंडच्या तारबाबूंनी आपल्या बॅटऱ्या काढून ठेवल्या आणि तरीही तारा पाठवत राहिले. पृथ्वीचं चुंबकत्व डगमगत होतं, आणि बदलत्या चुंबकत्वाने त्या मैलोन्‌मैल तारांत आपोआप वीज खेळवली. कोपनहेगनच्या तारेने चुंबक हलवला होता, इथे हलत्या चुंबकाने तार जागी केली. 13 मार्च 1989 ला अशाच एका वादळाने कॅनडातल्या क्वेबेकची वीज गेली आणि साठ लाख लोक तासन्‌तास अंधारात बसले.

अलिबागची वेधशाळा आजही चालू आहे, भारतीय भूचुंबकत्व संस्थेकडे. अशा ठिकाणच्या मोजणीच्या खोल्या बांधताना लोखंडाचा खिळाही वापरत नाहीत. बिजागऱ्या, कड्या पितळेच्या नाहीतर तांब्याच्या. खिशातला किल्ल्यांचा जुडगाही बाहेर ठेवायचा.

आता तुमचं होकायंत्र पुन्हा उचला. माझा आवाज ज्या स्पीकरमधून येतोय त्यात पातळ तारेचं एक वेटोळं एका चुंबकाजवळ थरथरतंय. मी बोलतो तसा प्रवाह बदलतो, तसं वेटोळं हलतं, तसा पडदा हलतो. होकायंत्र स्पीकरजवळ न्या. काटा वळेल. मग रेडिओ बंद करा. काटा वळलेलाच राहील. माझा आवाज गेला तरी तो का वळलेला राहतो, हे आता तुम्हीच घरच्यांना सांगा.

नमस्कार.