काउंटरच्या दोन्ही बाजूंनी : प्रिया तेंडुलकर

श्रोतेहो, नमस्कार.

1985 साली आमच्या नौपाड्यातल्या चाळीत दूरचित्रवाणी संच दोनच होते. रविवारी सकाळी त्यांपैकी एका घरात इतकी माणसे जमत, की उंबऱ्याबाहेर चपलांचा ढीग व्हायचा आणि घरी परतताना निदान एक तरी जोड अदलाबदल झालेला असायचा. दूरदर्शनवर त्या वेळी ‘रजनी’ लागत असे. बासू चॅटर्जी यांनी दिग्दर्शित केलेल्या त्या मालिकेत नायिकेची भूमिका करणाऱ्या प्रिया तेंडुलकर यांच्याविषयी मी आज बोलणार आहे. त्यांचा अभिनय इतका खरा का वाटायचा, याचे एक उत्तर मला बऱ्याच वर्षांनी सापडले, आणि ते सांगण्यासाठीच खरे तर मी हा विषय निवडला.

प्रियाताईंचा जन्म 19 ऑक्टोबर 1954 रोजी झाला. वडील विजय तेंडुलकर. या नावापुढे मराठी माणसाला वेगळी ओळख द्यावी लागत नाही, आणि अशा बापाच्या मुलीला स्वतःची ओळख मिळवायला किती झगडावे लागत असेल, हेही वेगळे सांगायला नको. श्याम बेनेगल यांच्या 1974च्या ‘अंकुर’मध्ये अनंत नाग यांच्या कोवळ्या वयाच्या, नव्याने नांदायला आलेल्या बायकोची भूमिका त्यांनी केली. सगळ्यांचे लक्ष अर्थातच शबाना आझमी यांच्याकडे गेले. परंतु नवऱ्याच्या घरात काय शिजते आहे हे कळूनही धड विचारता न येणारी ती मुलगी आजही पाहावी. पुढे ‘गोंधळात गोंधळ’, ‘मुंबईचा फौजदार’ यांसारखे मराठी चित्रपट त्यांनी केले. त्यांत त्या प्रसन्न दिसत, काम नेटके करत. पण त्या चित्रपटांनी त्यांच्यातल्या बुद्धीचे फारसे काही केले नाही, असे माझे स्पष्ट मत आहे.

या सगळ्याच्या आगेमागे त्यांनी नोकऱ्या केल्या. पंचतारांकित हॉटेलात स्वागतिकेचे काम केले, काही काळ हवाई सुंदरी म्हणूनही त्या वावरल्या. कलावंताच्या चरित्रात असा मजकूर एका ओळीत उरकला जातो. मी तो उरकणार नाही. थोड्या वेळाने त्याच्याकडे परत येते.

‘रजनी’ ही साधी गृहिणी होती. नवरा, एक मूल, मध्यमवर्गीय घर आणि खांद्यावर पदर. कुणी लाच मागितली, कुणी वस्तू कमी मोजली, कुणी सरळ बोलायचे टाळले, की ही बाई जागची हलत नसे. टॅक्सीचालकांच्या वागण्यावर एक भाग झाला, तेव्हा मुंबईतल्या टॅक्सीवाल्यांनी त्याविरुद्ध निदर्शने केली. कल्पित पात्राने खऱ्या माणसांना इतके झोंबावे, हे त्या काळात नवे होते. ग्राहक संरक्षण कायदा संमत झाला तो पुढच्या वर्षी, 1986मध्ये. मालिकेमुळे कायदा झाला, असे म्हणणे अतिशयोक्तीचे होईल, कारण मुंबई ग्राहक पंचायतीसारख्या संस्था 1970च्या दशकापासूनच हे काम नेटाने करत होत्या. मात्र त्यांच्या पत्रकांमधला ‘ग्राहक’ हा रूक्ष शब्द या मालिकेने स्वयंपाकघरापर्यंत आणला, एवढे खात्रीने म्हणता येईल.

आमच्या स्वयंपाकघरात तो कसा आला, ते सांगते. एके दिवशी आईला नव्या सिलिंडरचा हिशेब लागेना. महिनाभर पुरणारा गॅस तीन आठवड्यांतच संपला होता. पुढचा सिलिंडर आला तेव्हा तिने समोरच्या भुसारी दुकानातून स्प्रिंगचा काटा मागून आणला, वरवंट्याएवढ्या जाडीची एक काठी काट्याच्या कडीतून घातली, एक टोक माझ्या थोरल्या भावाच्या खांद्यावर आणि दुसरे सिलिंडर आणणाऱ्या बिचाऱ्या माणसाच्याच खांद्यावर ठेवले, आणि सिलिंडर अधांतरी लटकवला. रिकाम्या सिलिंडरचे वजन त्याच्या कड्याजवळच्या पट्टीवर कोरलेले असते आणि आत गॅस 14.2 किलो भरलेला असायला हवा, हे तिने आधीच विचारून ठेवले होते. वजन दीड किलोने कमी भरले. आई तो काटा पिशवीत घालून तडक एजन्सीत गेली. तिथल्या माणसाने चष्म्यावरून पाहत विचारले, “काय हो बाई, रजनी बघता वाटतं?” आई म्हणाली, “बघते. म्हणूनच पावतीसुद्धा घेऊन आले आहे.” सिलिंडर बदलून मिळाला, त्यासाठी दुपार मात्र गेली.

आता त्या उत्तराकडे वळते. रजनी पुन्हा पाहताना माझ्या लक्षात आले, की ती चिडते तेव्हा तिचा आवाज चढण्याऐवजी थोडा खाली येतो, वाक्य पूर्ण होते, आणि समोरचा बोलत असताना ती त्याच्या चेहऱ्यावरची नजर काढत नाही. तक्रार करणाऱ्या माणसाची ही रीत नव्हे. आपण तक्रार करतो तेव्हा आधीच धाप लागलेली असते आणि चार मुद्दे एकदम तोंडातून बाहेर पडतात. ही रीत आहे तक्रारी ऐकून घेणाऱ्याची. हॉटेलच्या काउंटरमागे उभे राहून, समोरचा कितीही तापला तरी शांत स्वरात पूर्ण वाक्य बोलायचे, हे ज्या मुलीने पोटासाठी केले होते, तिने ‘रजनी’ होताना फक्त काउंटरची बाजू बदलली. समोरचा कारकून केव्हा चुळबुळ करेल, केव्हा साहेबाकडे बोट दाखवेल, हे तिला आतून ठाऊक होते. त्यांनी कुठे असे म्हटले आहे का, याच्या शोधात मी पडले नाही. हा माझा तर्क आहे, आणि मला तो पटतो.

मालिकेत रजनीच्या पतीचे काम करणारे करण राझदान पुढे प्रत्यक्षातही त्यांचे पती झाले. तो संसार काही वर्षांनी विस्कटला. त्यावर माझे भाष्य नाही.

1995मध्ये ‘हम पाँच’ आली आणि त्यात प्रियाताईंच्या वाट्याला आली एक तसबीर. अशोक सराफ यांनी रंगवलेल्या आनंद माथुर यांची ही दिवंगत पहिली पत्नी. भिंतीवरच्या चौकटीतून ती नवऱ्याशी बोलते, टोमणे मारते, घरातल्या गोंधळावर शेरे देते, आणि ऐकू जाते ते एकट्या त्यालाच. विचार करा, श्रोतेहो. नटाला चालायला, वळायला, हातवारे करायला जागा लागते. इथे छातीपासून वरचा भाग आणि गळ्यात हार, एवढेच भांडवल. तरीही नुसती एक भुवई उचलून त्या अशोक सराफांसारख्या कसलेल्या विनोदी नटासमोर प्रसंग तोलून धरत. लोकांना रजनी आठवते, ते रास्तच आहे. अभिनय शिकणाऱ्याने मात्र ती तसबीर पाहावी.

त्याच दशकात त्यांनी स्वतःच्या नावाचा चर्चेचा कार्यक्रम चालवला, आणि मग आजारपण आले. कर्करोगाशी झुंजत असतानाच 19 सप्टेंबर 2002 रोजी हृदयविकाराच्या झटक्याने त्या गेल्या. वय 47. वडील त्यांच्यामागे जवळजवळ सहा वर्षे होते.

अनेकांना माहीत नसते, की प्रियाताई कथा लिहीत आणि चांगल्या लिहीत. हॉटेलातल्या नोकरीच्या दिवसांवर त्यांचे ‘पंचतारांकित’ हे पुस्तक आहे. काउंटरच्या आतल्या बाजूने जग कसे दिसते, हे ज्यांना त्यांच्याच शब्दांत वाचायचे आहे, त्यांनी ते मिळवावे. आमच्या वाचनालयातली प्रत मी मागच्या महिन्यात मागितली, तर देवघेवीच्या टेबलावरच्या ताईंनी वही उघडून दाखवली. माझ्याआधी त्या पुस्तकासाठी दोन नावे लागलेली होती. तिसरे मी माझे लिहून आले आहे.

नमस्कार.